बसायचं काम कपड्याचं

फॅशनच्या मासिकातल्या बाईला तुम्ही कधी पाठीमागून पाहिलंय का?

नाही ना? पाहू देत नाहीत. समोरून तिचा झगा पाण्यासारखा अंगावरून वाहत असतो आणि पाठीवर मानेपासून कमरेपर्यंत ढगळ कपडा आवळून धरणाऱ्या चिमट्यांची रांग असते. आपण दोरीवर कपडे वाळत घालताना लावतो ते चिमटे, ऑफिसात कागदांना लावतात ते काळे चिमटे, शिवाय सेफ्टी पिना आणि चिकटपट्टी. बुटांच्या तळालासुद्धा पट्टी चिकटवलेली असते, कारण बूट संध्याकाळी दुकानात परत जायचे असतात. तुम्ही-आम्ही ते चित्र बघतो, आरशासमोर जातो आणि पोट आत ओढतो. चिमट्यांच्या एका रांगेपुढे अख्खा देश पोट आत ओढून उभा आहे, असं मी एकदा पत्रकात लिहिलं होतं. त्यातला एकही शब्द मी अजून मागे घेतलेला नाही.

तर ते चिमटे लावण्याचं काम ज्यांच्याकडे होतं, त्या माणसाबद्दल मला सांगायचंय.

सगळे त्यांना 'मास्टर' म्हणायचे, शिवणकामातला मास्टर. मी मास्तर म्हणायचे, कारण समोरच्याला काहीतरी शिकवल्याशिवाय त्यांना राहवायचं नाही. दादरच्या एका साड्यांच्या दुकानात त्यांनी उमेदीची वर्षं काढली होती. गिऱ्हाइकाला साडी दाखवायची म्हणजे ती आपल्या शर्ट-पँटवरच नेसायची, पदर खांद्यावर टाकायचा आणि 'बघा वहिनी, कशी खुलतेय' म्हणत मिशीवरून हात फिरवायचा, असं ते काम. तिथून ते काचेतल्या पुतळ्या सजवायला लागले आणि पुतळ्यांवरून मॉडेलांवर आले. "फरक एवढाच," ते म्हणायचे, "पुतळीला गुदगुल्या होत नाहीत."

आमची गाठ पडली भाईंदर पूर्वेला, एका गाळ्याच्या माळ्यावरच्या फोटो स्टुडिओत. खाली दिवसभर स्टीलच्या डब्यांवर हातोडे पडायचे आणि वर कोणीतरी मुलगी पंख्याच्या वाऱ्यात केस उडवत स्वप्नाळू नजरेने, उजेड परतवायला धरलेल्या थर्माकोलकडे बघत असायची. मी तिथे फोटोंखालचा मजकूर लिहायला लागले होते. माझ्यासारखीने! आमच्या घरच्या कपाटात साड्यांपेक्षा पत्रकांचे गठ्ठे जास्त. मी अक्षरं गिरवली तीच मुळी 'कामगार बंधूंनो' या शब्दांवर. सौंदर्याच्या बाजाराविरुद्ध लिहायचं तर तो आतून बघायला हवा, असं मी बाबांना ऐटीत सांगितलं. बाबा म्हणाले, "पगार देणारेत ना? मग बघ आतून."

मास्तरांना हे कुठून कळलं कोण जाणे. दुसऱ्या दिवसापासून मी जिना चढून आले की त्यांची हाक यायची, "काय पत्रकबाई, आज कोणाचा निषेध?"

दिसायला मास्तर म्हणजे त्यांच्या धंद्याची उलटी जाहिरात. केस काळेभोर रंगवलेले, पण शर्ट स्वतःच्या मापापेक्षा दोन मापं मोठा. कोणी हटकलं की उत्तर ठरलेलं, 'मी म्हणजे दुकानाची काच नाही.' शर्टाच्या खालच्या कडेला पिनांचं कुंपण. त्यामुळे ते कधी नीट टेकायचेच नाहीत. जेवायचे उभ्याने, रिक्षात बसायचे ते सीटच्या कडेवर, अवघडून. तोंडातही पिना असायच्या, म्हणून निम्मं बोलणं हुंकारात. लांब हुंकार आला की मॉडेलने हात वर करायचा, तुटका आला की खाली. नव्या मुलींना हे कळायला आठवडा लागायचा आणि तोवर त्या वाहतूक पोलिसासारखे हात करत राहायच्या.

कपड्यांशी मात्र ते पिना काढून, स्वच्छ बोलायचे. पैठणीला 'अहो', शिफॉनला 'अगं' आणि नायलॉनला 'अरे गाढवा'. बेल्टवर त्यांचा विशेष राग. "बेल्ट म्हणजे कपड्याने दिलेला राजीनामा," असं ते म्हणायचे, आणि एखाद्या मॉडेलने बेल्ट मागितला की तिच्याकडे अशा दुःखाने बघायचे की ती तो मुकाट्याने परत ठेवायची.

या कपड्यांशी बोलण्यातूनच आमच्या स्टुडिओतला सगळ्यात मोठा घोटाळा व्हायचा. आमचा फोटोग्राफर शेजारच्या नया नगरचा, हिंदी बोलणारा. सगळे त्याला भाईजान म्हणायचे. डोळा कॅमेऱ्याला, बोट बटणावर, प्रकाश एकदम जुळून आलेला, आणि तेवढ्यात मास्तर झग्याचा खांदा चिमटीत धरून त्याला पटवायला लागायचे, "बस रे... बस... बस आता!"

भाईजान कॅमेरा खाली घ्यायचा. "क्या हुआ? बस क्यूं? अभी तो लाइट आया!"

"तुला नाही रे, झग्याला सांगतोय."

"तो झगे को मराठी में बोलो ना!"

"मराठीतच बोलतोय!"

एकदा सावंतवाडीकडची एक नवी मुलगी आली होती, भिडस्त. मास्तर तिच्या कंबरेशी झग्याला दटावत ओरडले, "बस म्हणतो ना!" आणि ती बिचारी इस्त्री केलेल्या झग्यासकट मटकन खाली बसली. भाईजान थांबला, मुलगी बसली, आणि ज्याला सांगितलं होतं तो झगा जिथल्या तिथे.

पण हसून सोडून देण्यासारखं ते नव्हतं. मास्तरांचं सगळं तत्त्वज्ञान त्या एका क्रियापदात होतं. एकदा जेवणाच्या सुट्टीत, अर्थात उभ्याने, भेंडीची भाजी खाता खाता त्यांनी मला ते ऐकवलं.

"आपण काय म्हणतो? ब्लाउज बसला. ब्लाउज बसला नाही. बरोबर? मग बसायचं काम कोणाचं?"

"ब्लाउजचं."

"मग बाई कशाला जाते ब्लाउजला बसायला? बाई आहे तिथे उभी राहील. त्याने यावं, त्याने बसावं. नाही बसला, तर चूक त्याची. तो खोटा."

त्यांच्यासमोर एखादी मुलगी 'मास्टर, मी यात मावत नाहीये' म्हणाली की संपलंच. "मावायला तू काय तांदूळ आहेस? परत बोल. नीट बोल." मग ती मुलगी लाजत म्हणायची, "हा बसत नाहीये." आणि मास्तर खूश होऊन दुसरा, ढगळ झगा उचलायचे.

मी त्यांना एकदा कात्रीत धरलं. म्हटलं, मास्तर, कपडा खोटा म्हणता आणि त्याचा खोटेपणा पाठीवर चिमटे लावून तुम्हीच झाकता, हे कसं? माझं 'सौंदर्याचा बाजार बंद करा' हे पत्रकही त्यांच्या हातात ठेवलं. त्यांनी ते उजेडात धरून वाचलं, कापड तपासावं तसं उलटंपालटं केलं.

"कोणासाठी लिहिलंय?"

"बायकांसाठी."

"कुठल्या? आमच्या चाळीत अशी कोणी नव्हती बुवा. 'भोगवादी शोषणव्यवस्था'... हे खांद्यात घट्ट होतंय बघ. आणि इकडे खाली उगाच घोळ. पत्रकबाई, तुझं म्हणणं खरंय, पण पत्रक बसत नाहीये."

"मग बायकांनी अभ्यास वाढवावा!" मी तावातावाने म्हटलं.

"हां," मास्तर म्हणाले, "म्हणजे बाईनेच बसायचं का त्याला?"

मी पत्रक त्यांच्या हातातून ओढून घेतलं. माझ्या प्रश्नाचं उत्तर मात्र त्यांनी टाळलं, हे मी लक्षात ठेवलं.

त्यांचं घर जवळच होतं, वन रूम किचन, आणि त्यात दुकानातून निवृत्त झालेल्या तीन पुतळ्या. धुतलेले ओले कपडे ते दोरीवर न टाकता या पुतळ्यांना घालून गॅलरीत उभे करायचे. इस्त्री लागत नाही म्हणे. सोसायटीच्या चेअरमनकडे तक्रार गेली की यांच्या गॅलरीत तीन अनोळखी बायका रात्रंदिवस उभ्या असतात आणि समोरच्या बिल्डिंगकडे एकटक बघतात. चेअरमन चौकशीला आले तेव्हा मास्तरांच्या बायकोने, म्हणजे काकूंनी, दार उघडलं आणि सांगितलं, "या, तिघींची ओळख करून देते. या घरात माझ्यापेक्षा त्यांचीच जास्त विचारपूस होते."

मोठ्या लोकांच्या शूटची कामं सुटल्यानंतर (ती कशी सुटली ते पुढे येईलच) मास्तर भाईंदरमधल्याच एका लेडीज वेअरच्या दुकानात काच सजवायला जायला लागले. एक दिवस मला निरोप, "तुझी उरलेली पत्रकं घेऊन ये, सगळी." मला वाटलं, अखेर परिवर्तन झालं. मी गठ्ठा घेऊन धावत गेले. मास्तरांनी एकेक पत्रक चुरगळलं, कापडात गुंडाळलं आणि पुतळ्यांच्या पोटावर, कमरेवर, दंडांवर बांधलं. मग वर पंजाबी ड्रेस चढवले.

"तुझी पत्रकं पहिल्यांदाच बायकांच्या पोटात शिरली बघ," मला म्हणाले.

दुकानाचे सेठ आले आणि जागीच थबकले. "आ शूं कर्यूं मास्टर! सारी पुतलियां एक साथ पेट से?"

"पेट से नाही सेठ, पेटवाली. तुमच्या गिऱ्हाइकासारखी."

सेठ काही बोलणार, एवढ्यात काचेबाहेर भाजीची पिशवी घेतलेल्या दोन बायका थांबल्या. एकीने दुसरीला कोपर मारलं. "ए, ही बघ गं, ही माझ्यासारखी आहे!" दोघी आत आल्या. सेठ गल्ल्यावर जाऊन बसले आणि पुतळ्या काचेत तशाच राहिल्या.

आता ती मोठी कामं का सुटली, ते सांगते.

एका नावाजलेल्या डिझायनरला आपला पांढरा गाऊन पांढऱ्या जागी हवा होता. म्हणून शूट ठरलं भाईंदरजवळच्या राई गावाकडच्या मिठागरावर. थंडी सरत आलेली, वारा भन्नाट, चहूकडे मिठाचे ढीग. मॉडेल मात्र इथलीच, राईची, आगरी घरातली. उंच, काळीसावळी, रुंद खांद्यांची. तिच्या आजोबांनी याच मिठागरात मीठ ओढलेलं. एजन्सीने तिला स्पष्ट सांगितलं होतं की या वेळी फोटो आला नाही तर नाव काढून टाकू. आणि घरच्यांनी त्याहून स्पष्ट सांगितलं होतं की नाव निघालं की स्थळं बघायला लागू. तिच्या बाजूने घरात एकटी आत्या होती. ती सोबत आली होती आणि डोक्यावर पदर घेऊन, मांडीवर स्टीलचा डबा घेऊन बांधावर बसली होती.

गाऊन आला. तो शिवलेला दुसऱ्याच कोणा मुलीच्या मापावर. मास्तरांनी तो तिला चढवला, मागे गेले आणि थांबले. हुक आणि काजं यांच्यात चार बोटांचं अंतर. ढगळ कपडा चिमट्याने आवळता येतो. तोकड्या कपड्याला चिमटा काय करणार?

डिझायनरकडून आलेल्या गॉगलवाल्या बाईंनी एकदाच बघितलं. "ये लडकी इसमें फिट नहीं हो रही. दूसरी को बुलाओ." दुसरी मुलगी आधीपासूनच एसी गाडीत तयार होती.

"ती कशाला फिट होईल?" मास्तर म्हणाले. "नटबोल्ट आहे का ती?"

"मास्टरजी, सिंपल है. गाऊन इतना है, लडकी इतनी है." बाईंनी हातांनी दोन्ही मापं दाखवली.

मुलीने सगळं ऐकलं. मान न वळवता ती म्हणाली, "मास्तर, मी श्वास धरते. तुम्ही ओढा."

"किती वेळ धरशील?"

"फोटो होईपर्यंत."

मास्तरांनी तोंडातल्या पिना काढून एकेक करून शर्टाच्या कडेला लावल्या. असं करताना मी त्यांना प्रथमच पाहत होते. "सोड," ते म्हणाले. "श्वास सोड आधी."

तिने सोडला आणि ती डुलली. मी आणि भाईजानने तिला धरलं नसतं तर मिठातच पडली असती. आत्या बांधावरून ओरडली, "पडंल नाय तं काय! परवापासून पोरीच्या पोटान काय न्हाय!"

"जेवली नाहीस?" मास्तरांचा आवाज चिरकला. "का?"

"गाऊन बसावा म्हणून," ती म्हणाली. इतक्या साध्या सुरात, की मला आजही आठवलं की राग येतो. तिचा नाही, तिला हे शिकवणाऱ्यांचा.

मास्तर गाऊनकडे बघून कडाडले, "याच्यासाठी तू उपाशी? हा आहे कोण?" मग आत्याकडे वळून म्हणाले, "डब्यात काय?"

"तांदलाची भाकर न् सुका जवला."

"आण."

"गाऊन में? नो नो नो!" गॉगलवाल्या बाई मध्ये पडल्या. पण आत्या तोवर डबा उघडून पोचली होती. आम्ही मुलीभोवती कपडे बदलायच्या आडोशाची चादर गुंडाळली आणि आत्या तिला लहान मुलासारखे घास भरवायला लागली. जवळ्याचा, सुक्या मासळीचा वास वाऱ्याबरोबर गाडीपर्यंत गेला, गाडीची काच वर झाली. मेकअपवाला लिपस्टिकसाठी हळहळत होता. भाईजान कॅमेरा सोडून जवळ सरकला. "आत्या, थोडा इधर भी."

जेवण झालं आणि गाऊन अर्थातच आणखी रुसला. मास्तरांनी खिशातून अर्धं ब्लेड काढलं. गॉगलवाल्या बाईंनी त्यांचं मनगट धरलं. गॉगल डोक्यावर गेला होता आणि खाली घाबरलेले डोळे होते. "मास्टरजी, प्लीज. शाम को वापस देना है. मेरी नौकरी जाएगी."

मास्तर थांबले. खरंच थांबले. बाईही पगारावरच्याच होत्या, हे तोवर आम्हा कोणाच्या लक्षातच आलं नव्हतं.

"कापत नाही, बाई. उसवतो," ते शांतपणे म्हणाले. "शिवलेलं उसवता येतं, परत शिवता येतं. हिला उसवता येत नाही. संध्याकाळी होता तसा करून देतो. आणि कोणी विचारलंच, तर माझं नाव सांगा."

त्यांनी मानेपासून कमरेपर्यंत हुकांच्या पट्टीची शिवण मोकळी केली, मध्ये आपल्या पिशवीतलं मलमल टाकलं, कच्चे टाके घातले. मुलगी मिठाच्या ढिगापुढे उभी राहिली. वाऱ्याने थर्माकोल उडवून खाऱ्या पाण्यात नेला, दोघं त्याच्यामागे धावले, आणि ते बघून ती हसली. खांदे सैल, छाती वरखाली होत होती. फॅशनच्या फोटोत श्वास घेणारी बाई मी पहिल्यांदाच बघत होते.

मास्तर मागे सरकले, डोळे बारीक केले आणि हळूच म्हणाले, "बसला."

"बस ला?" भाईजान कॅमेऱ्यामागून वैतागला. "यहां बस कहां से लाऊं?"

पण बोट त्याने बटणावरून काढलं नाही.

दुपारभर मास्तर मिठाच्या गोदामाच्या सावलीत उभे राहून गाऊन शिवत होते. उन्हात ती शिवण मूळची आहे की त्यांची, ते सांगता आलं नसतं. पण गाऊन होता किंचित पिवळसर पांढरा आणि दोरा होता शुभ्र. शोरूमच्या दिव्यांखाली पाठीवर खडूने ओढल्यासारखी रेघ दिसली. दुसऱ्या दिवशी डिझायनरचा स्टुडिओत फोन आला. गॉगलवाल्या बाई तिथेच होत्या, गाऊनचा हिशेब द्यायला आल्या होत्या. त्यांनी रिसीव्हर कानाला लावला आणि चेहरा पांढरा पडला. मास्तरांनी तो त्यांच्या हातातून घेतला. "मी उसवला. बाई नको म्हणत होत्या. हो... नाही, विचारून नाही." पलीकडून बराच वेळ आवाज येत राहिला. मास्तर ऐकत होते आणि मोकळ्या हाताने टेबलावरचा एक चिमटा उघडझाप करत होते.

त्यानंतर मोठ्या नावांनी त्यांना बोलावणं बंद केलं. बाईंची नोकरी राहिली. फोटो मुखपृष्ठावर आला नाही, आतल्या पानावर आला, पण आला. एजन्सीने नाव ठेवलं आणि मुलीने पुढे काही वर्षं झोकात काम केलं. लग्न तिने केलं ते नंतर, स्वतःच्या सवडीने. आत्या ते पान घेऊन अख्ख्या राईत फिरली. "जवला खाऊन काढलेला फोटू हाय," असं तिने प्रत्येकाला सांगितलं.

मी मास्तरांना विचारलं होतं, पश्चात्ताप होतो का?

"होतो ना," ते म्हणाले. "दोरा चुकला. क्रीम घ्यायला हवा होता."

आमच्या घरच्या पत्रकांच्या शेवटी मागण्या असायच्या, चांगल्या सात-आठ, सरकारकडे. माझी एकच आहे आणि ती तुमच्याकडे आहे. या लग्नसराईत तुमच्या घरात किंवा शेजारच्या घरात एक मुलगी असेल, जी 'भूक नाही' म्हणून रात्री पानावर येत नाही. कपाटात तिचा नवा ब्लाउज टांगलेला असेल. तिला भाषण देऊ नका, हा लेखही वाचून दाखवू नका. तो ब्लाउज उद्या शिंप्याकडे पाठवा. आणि आज रात्री ताट वाढून तिच्यासमोर ठेवा, गरम भात, वर तूप, आणि ती जेवून हात धुवेपर्यंत तिथून हलू नका.